मागे धरलेला हात

३ मार्च

ती. ताईस,
शिरसाष्टांग नमस्कार. तुझं पत्र पोचलं. आईंचा गुडघा वाकायला लागला, हे वाचून बरं वाटलं. शिलाईचं दुकान पुन्हा उघडलंस ते उत्तम केलंस. दुःखाला बसायला जागा दिली की ते पाय पसरतं.

इकडे ठीक. मला नवा जोडीदार मिळालाय. डाव्या हाताने खेळतो म्हणून सगळे त्याला डावखुरा म्हणतात. तुझ्या भावाला लंबू म्हणायचे तसंच. खेळाडूंच्या कल्पनाशक्तीची धाव एवढीच! हा मात्र अगदी मुका. लंबू एका गेममध्ये जेवढं बोलायचा, तेवढं हा वर्षभरात बोलेल असं वाटत नाही. चालतोही मांजरासारखा. लंबूचा उजवा बूट कसा दोनदा करकरायचा, आठवतं? तू म्हणायचीस, "बुटाला तेल घाल रे, नाहीतर मला तरी बहिरी कर."

सर तसेच आहेत. आमच्या मिश्र दुहेरी बॅडमिंटनमध्ये बाई पुढे, नेटजवळ उभी राहते आणि पुरुष मागचं सगळं अंगण सांभाळतो. पुढचीने मागे बघितलं की क्षण गेला, क्षण गेला की गुण गेला. म्हणून सोळाव्या वर्षी सरांनी माझ्या टोपीला दोन्ही बाजूंनी पुठ्ठे लावले होते, घोड्याच्या झापडांसारखे. "देवाने मान दिलीय ती पुढे बघायला. मागे वळलीस तर मोडून हातात देईन." तेव्हा मी आणि लंबू पोट धरून हसलो होतो.

तू विचारलंस, शेवटी लंबू काही म्हणाला का. नाही, ताई. काहीच नाही. डॉक्टर म्हणाले तेच खरं, हृदय बंद पडलं, क्षणात संपलं.

आईंना नमस्कार. उत्तराची घाई नाही.
तुमचीच,
पुढची

१९ जून

ताई,
आज नमस्कार लिहीत नाही. हे पत्र वाचून झाल्यावर तो घ्यावासा वाटला, तर घे.

गेल्या तीन स्पर्धांत आम्ही पोचलो तिथवर मी आणि लंबू कधीच पोचलो नव्हतो. वर्तमानपत्रांनी कौतुक केलं. सरांनी मला खोलीत बोलावून चित्रफीत दाखवली. "हे बघ. तू सोडतेस ते प्रत्येक शटल रेषेबाहेर पडतं. एकही चूक नाही. डोळे मागे आलेत की काय तुला?"

मला डोळे नाहीत मागे. मला ऐकू येतं.

माझे आणि लंबूचे तीनच शब्द होते. 'माझं', 'तुझं', आणि बाहेर जाणाऱ्या शटलसाठी 'सोड'. एप्रिलमध्ये एका सामन्यात मागून स्पष्ट "सोड" आलं. मी सोडलं, ते बाहेर पडलं. मी डावखुऱ्याला म्हटलं, "बरं झालं बोललास."

तो म्हणाला, "मी? खेळताना माझी दातखीळ बसलेली असते. तुला माहीतच आहे."

त्या क्षणी मला आठवलं, हाक येण्याआधी बूट करकरला होता. दोनदा.

मी कुणाला सांगितलं नाही. जिंकत होते ना! भीती वाटायला हवी होती, पण हावरट माणसाला भीतीही सवडीने वाटते.

आता ते लिहिते, जे मार्चमध्ये लिहायला हवं होतं.

तो बोलला होता, ताई. त्या दिवशी रॅली चालू असताना मागून तो म्हणाला, "थांब." हा आमच्या तीन शब्दांतला नव्हता. तरी मी तो स्वच्छ ऐकला. आवाज कसा होता, तेही ऐकलं. आणि मी थांबले नाही. गुण हवा होता. त्यानंतर मी एकटीने सात फटके मारले, मी मोजलेत. त्याने गुडघा टेकलेला समोरच्यांना दिसला, पण त्यांना वाटलं पाय घसरला. मी गुण घेतला, मूठ उंचावली, आणि नेहमीसारखा डावा हात पाठीमागे धरला. प्रत्येक गुणानंतर न बघता मी हात मागे धरायचे आणि तो त्यावर टाळी द्यायचा.

टाळी आली नाही. तेव्हा कुठे मी वळले.

सात फटक्यांनी तो वाचला असता का? डॉक्टर म्हणतात, नाही. पण मी डॉक्टरांच्या आड लपणार नाही. सरांच्या पुठ्ठ्यांच्या आडही नाही. ज्या शिकवणीत जोडीदाराकडे पाठ करून उभं राहणं हाच मोठा गुण ठरतो, ती शिकवणी खोटी आहे, आणि हे मी भर मैदानात ओरडून सांगेन. पण पुठ्ठे सतराव्या वर्षी निघाले. त्यानंतरची झापडं माझी मी बांधली. त्याच्या गळ्यातून आलेला शब्द मी गुणाच्या मोलाने मोजला आणि हलका ठरवला. मग तू विचारलंस, तर तुलाही तो दिला नाही. तुझ्या भावाचा शेवटचा शब्द मी इतके महिने दाबून ठेवला.

काल उपांत्य सामना होता. शेवटच्या रॅलीत बूट करकरला आणि मागून आवाज आला, "थांब."

मी पुन्हा थांबले नाही.

आम्ही जिंकलो. सवयीने मी हात मागे धरला. टाळी पडली नाही. कुणीतरी हात धरला. तळवा गार होता, अंगठ्याखाली जुना घट्टा होता. धरला आणि सोडेना. मी समोर बघत होते, ताई, आणि समोर डावखुरा नेटपाशी जाऊन समोरच्यांशी हस्तांदोलन करत होता.

मी वळले नाही. डोळे मिटले. हात सुटल्यावर बोटांवर पांढरे वळ उठले होते. डावखुऱ्याने विचारलं, "दारात चेमटली की काय?" मी हो म्हटलं.

परवा अंतिम सामना आहे. मी ठरवलंय. 'थांब' ऐकू आलं की, गुण कितीही झालेले असोत, मी थांबणार. शटल पडू देणार. रॅकेट खाली ठेवून मागे वळणार. लोक म्हणतील, हिला वेड लागलं. डावखुऱ्याचा यात काही दोष नाही, त्याची माफी मी आधीच मागितली आहे. कशासाठी ते त्याला कळलेलं नाही.

हे पत्र उद्याच तुझ्या हाती पडेल असं पाठवतेय. तू टीव्ही लाव. आईंना मात्र दुसऱ्या खोलीत बसव. कॅमेरा उंचावर असतो, त्यातून अख्खं अंगण दिसतं. माझ्या मागे कोणी उभं असेल, तर ते माझ्याआधी तुला दिसेल. तो रागावलेला आहे की नाही, तेही त्याच्या चेहऱ्यावरून तूच आधी ओळखशील. लहानपणापासून ओळखत आलीस.

मला क्षमा करू नकोस, घाईने तर नकोच. फक्त त्या वेळी डोळे मिटू नकोस.

या खेपेला वळणारी,
तुझ्या भावाची पुढची