सुतकातल्या फाइली

चैत्र व. ११, मंगळवार
टँकर नाही. चौथा दिवस. गारखेड्यातल्या निम्म्या बोअर कोरड्या, नव्या बिल्डिंगी मात्र चढतायत.
सुहास म्हणाला, "आई, अक्षय तृतीयेला बाबांच्या नावानं घागर देऊ. कॉम्प्युटरपण गुरुजींनाच देऊन टाकू, त्यांच्या नातीला कामी येईल." बरं म्हटलं.
त्याआधी एकदा ह्यांचं गाव बघायचंय. रिटायर झाल्यापासून दुपारभर कॉम्प्युटरवरच्या खेळात गाव वसवायचे. गंगापूरकडचं आपलंच, म्हणायचे. घर, पार, दारची तुळस. "विहीर तेवढी राहिली गं." मी आपली, नंतर बघते, नंतर बघते. माघात गेले.
खेळ उघडत नाही. चौकट येते. अमुक डीएलएल फाइल सापडत नाही. नाव उतरून ठेवलं.

चैत्र व. १३, गुरुवार
मेघा ऑफिसातून आली तशी बसली. सून म्हणून म्हणत नाही, पण नीट समजावून सांगते. "आई, भाजी आहे, गॅस आहे, मिसळणाचा डबाच गायब. तसं झालंय." नेटवरून ती सुटी फाइल घेऊ म्हटलं तर, "रस्त्यात सापडलेली गोळी खाल का तुम्ही?"
मूळ कंपनीचं पॅकेज टाकलं. मशीन बंद करून चालू. ती चौकट गेली. दुसरी आली, दुसऱ्या नावाची. ही खेळाचीच फाइल, म्हणाली. तिच्यामागं आणखी असणार.
"आपोआप नाही जात ह्या. कुणीतरी हातानं काढल्यात."
मी भाजी निवडायला उठले.

अमावस्या, शनिवार
सांगितलं तिला. अकराव्या दिवशी घर शुद्ध केलं, गोमूत्र शिंपडलं, दहा दिवसांतलं पीठमीठसुद्धा टाकलं. मग कॉम्प्युटर. त्यात प्रत्येक फाइलपुढं तारीख दिसते. ह्यांच्या खेळातल्या सुतकाच्या तारखांच्या तेवढ्या वेचून काढल्या. विटाळ नको.
मेघा हसली. "अहो आई, मशीनला कसलं सुतक." मग थांबली. "पण खेळ चालला तरच ह्या फाइली नव्यानं उतरतात. सुतकात लावला कुणी होता?"
कुणी नाही. ह्यांच्या जागी दिवा होता, त्याच खोलीत. दहाही दिवस दिव्यापाशी मीच. कॉम्प्युटरचा पडदा काळा होता. एवढं नक्की आठवतं की

वैशाख शु. १, रविवार
फाइली कॉम्प्युटरच्या कचराटोपलीतच होत्या, मीच कधी रिकामी केली नव्हती. मेघानं जागच्या जागी परत ठेवल्या. खेळ उघडला.
गाव. पार. आमचं घर, तुळस. ओसरीवर एक बाई बसलेली, लुगडं हिरवं. माझं नाव तिच्या डोक्यावर.
परसात विहीर. अर्धी खणलेली. अठरा हात, कोरडी. खणणारं कुणी दिसलं नाही.
मेघा म्हणाली, "शेवटचं सेव्ह सुतकाच्या सहाव्या दिवसाचं आहे."
दहाव्याला कावळा शिवत नव्हता. भावजी हात जोडून, "दादा, वहिनीला सांभाळू, पोराला बघू." तासभर. शेवटी दर्भाचा केला. विहिरीचं कुणी काढलंच नाही. मला तरी कुठं सुचलं.

वैशाख शु. २, सोमवार
टँकर आला, दोन हंडे मिळाले. उद्याची मातीची घागर काठोकाठ भरून देवाजवळ ठेवली, वर वाळ्याची जुडी. संकल्प सोडला. घागर नि कॉम्प्युटर, दोन्ही.
मशीन बंद केलं, वायर स्वतः काढून गुंडाळली.

वैशाख शु. ३, मंगळवार, सकाळ
आंघोळ करून घागर उचलायला गेले. चार बोटं कमी. नवी घागर झिरपते, ठाऊक आहे. पण खालची चुंबळ खडखडीत कोरडी. फरशी कोरडी.
वायर लावली. शेवटचं बघू म्हणून.
विहीर बावीस हात. तळाशी पाणी आहे. थोडंसंच, आभाळ दिसेल एवढं. ओसरीवर ती बाई नाही. विहिरीच्या काठाशी उभी आहे, आत वाकून.
सेव्हची तारीख बघितली नाही. मेघाला हाकही मारली नाही.
खाली गुरुजींची स्कूटर थांबली. सुहास म्हणतोय, "आई, वायर काढलीस ना?"
संकल्प सोडलेला आहे. पाणी मात्र आत्ताशी कुठं लागतंय.
घागरीत बघून आले. आता पाच बोटं.