खून झालेल्या बाईचा चष्मा

बाबा, हिशेबाच्या वहीची मागची पानं कोरी होती, त्यांवरच लिहिते आहे. पाकीट काही लागणार नाही. तुमच्याशी भांडायचं आहे. रिछाईच्या कारखान्यातून तुम्ही यायचे, हातपाय धुवायचे आणि गोरखपूर मोहल्ल्यातल्या दुकानातून भाड्यानं आणलेली रहस्यकथा उघडायचे. एक प्रकरण तुम्ही मोठ्यानं वाचणार, एक मी. आई स्वयंपाकघरातून ओरडते, "दिवेलागणीला काहून खून वाचून राहिले?" तुम्ही म्हणता, "अवो, तुझ्या पोथीत राक्षस काय सर्दीनं मरतात?" मी हसते आणि मग देवापुढे जाऊन कान पकडते. शेवटच्या पानावर लेखकानं कुठूनसा जुळा भाऊ आणला की तुम्ही पुस्तक आपटायचे. "पूजेला बसायच्या आधी ताटात सगळं पाहिजे. आरती सुरू झाल्यावर कापरासाठी उठला, तो कसला भटजी?" रहस्यकथा पारखायची कशी, ते मी मॅट्रिकच्या पुस्तकांतून नाही, त्या ताटावरून शिकले.

परवा सुनेनं एक नवी कादंबरी आणून दिली. तुमच्या कसोटीला पुरेपूर उतरते. चावी, औषधाची बाटली, उघडी खिडकी, सगळं आधीच समोर ठेवलेलं. तरी मला खुनी ओळखता आला नाही. तुम्ही खूश झाला असता. पण मरते ती बाई माझ्याच वयाची, घरात एकटी. पहिल्याच प्रकरणात ती जाते, आणि मग तिचा चष्मा, दुधाचं पातेलं, जपमाळ, सगळ्याचा पुरावा होतो. खुनी सापडतो, लोक चहा पितात. तिच्यासाठी कोणी रडतच नाही हो. ती सकाळी कोणतं भजन म्हणायची, एवढंही लेखकानं कोणाला विचारू दिलं नाही. मला तर हीसुद्धा लबाडीच वाटते. ताट पुरं होतं बाबा, पण पूजा कोणाची मांडली, तेच तो विसरला.

सुनेला हे सांगितलं, तर ती म्हणाली, "अच्छा आई, पण सगळे रडत बसले तर खुनी कोण पकडेल?" आणि हसत कामावर गेली. तिचंही चूक नाही.

तुम्ही गेल्यापासून अशा वेळी तुमची बाजू मीच मांडते. भाजी निवडता निवडता तुमच्यासारखी बोलते, आणि बहुतेक तुम्हालाच जिंकू देते. या वेळीही तशीच बसले. माझं सगळं बोलून झालं, भाजीही निवडून झाली. तुम्ही काय म्हणाल, ते काही केल्या सुचेना.