कुणी हात लावला होता?

३ फेब्रुवारी, मंगळवार

खेळ सुरूच होत नाही. चित्रावर दोनदा टकटक केलं – पडदा काळा झाला – एक गोल गरगर फिरला – आणि सगळं गायब! खाली इंग्रजीत दोन ओळी आणि एक आकडा. परत केलं. परत तेच. अकरा वेळा केलं. मी किती चिवट आहे ते या संगणकाला अजून माहीत नाही.

आता नीट सुरुवातीपासून लिहिते. दुपारी लेकीचा फोन आला. भिंगरीनं – म्हणजे नातीनं, पायाला भिंगरी लावल्यासारखी घरभर फिरायची म्हणून भिंगरी – त्या खेळात म्हणे घर बांधलंय. एकेक वीट रचून. जिना, खिडक्या, मागं तळं. आणि त्यात एक खोली माझी! आईबापालाही अजून आत घेतलेलं नाही. आधी आजी, मग बाकीचे.

लेक हे हसत सांगत होती आणि मग हळूच शाळेवर आली. तिकडं परदेशात जाऊन सात महिने झाले, पोरगी शाळेत एक शब्द बोलत नाही. फोनवर माझ्याशीसुद्धा ‘हं’ आणि ‘नाही’. अकरा वर्षं जिच्या तोंडाला कुलूप नव्हतं, झोपेतसुद्धा बडबडायची, ती! तिच्या बाई म्हणाल्यात, सोळा तारखेच्या सोमवारपर्यंत वाट बघू, नाहीतर खालच्या वर्गात बसवू. लहान लहान पोरांत.

लेक म्हणाली, “आई, या एका घराबद्दल ती आपणहून बोलली. तू तेवढी ये.”

येते की. त्यात काय! बसल्या जागेवरून तर जायचंय.

४ फेब्रुवारी

बसल्या जागेवरूनही जाता येत नाही.

लेकीनं फोनवर सांगितलं, बंद करून चालू कर. केलं. तारा काढून परत खोच. खोचल्या. मग म्हणाली, खेळ पुसून टाक आणि नव्यानं उतरवून घे. उतरायला पावणेदोन तास. तेवढ्यात भांडी घासली, दोन उशांचे अभ्रे शिवले, खुर्चीतच एक डुलकी काढली. उतरला एकदाचा. टकटक. काळं. गोल. गायब.

कोपऱ्यात पाहिलं, सव्वासात. भिंगरी उठली असेल. केस विंचरताना पूर्वी अख्ख्या गल्लीला ऐकू जाईल असं ओरडायची. आता तेही गप्पच का, विचारायचं राहिलं.

५ फेब्रुवारी

एका वेळी एकच गोष्ट बदलायची. हे मला शाळेनं नाही शिकवलं – शाळा चौथीतच सुटली – कारखान्यानं शिकवलं. एकतीस वर्षं गणवेश शिवले मी. बाह्या माझ्याकडे, कॉलर पलीकडच्या रांगेत. मशीन अडली की नव्या मुली घाबरून सगळंच करायच्या. सुई बदल, दोरा बदल, ताण सैल कर, तेल ओत. मग चालली तरी कशानं चालली ते कळायचं नाही, आणि तेलाचे डाग सदऱ्यावर!

आमचा मिस्त्री मोठा वस्ताद. तो आला की आधी मशीनकडे बघायचाच नाही. बाईकडे बघायचा. “कुणी हात लावला होता?” आम्ही सगळ्या एका सुरात – कुणीच नाही! मग तो स्टूल ओढून बसायचा. निवृत्त झाला त्या दिवशी म्हणाला होता, उभ्या नोकरीत हात न लावता बिघडलेल्या मशीन मी तीनच पाहिल्या.

ही चौथी. मी खरंच काही केलेलं नाही. फोटो बघते, गाणी ऐकते, फडक्यानं पुसते. बस्.

७ फेब्रुवारी, शनिवार

दुरुस्तीवाला येऊन गेला. एका हातात पेचकस, दुसऱ्यात फोन, आणि अर्धं लक्ष त्या फोनकडे. म्हणाला, मावशी, याचा ड्रायव्हर जुना झालाय, बदलावा लागेल. ह्यांनाही एसटीच्या आगारात हेच सांगून घरी बसवलं होतं. मेल्या माणसाची आठवण अशी कुठूनही येते बघ. हे असते तर चहा पाजून त्याच्याशी तासभर वाद घातला असता.

ड्रायव्हर नवा बसला. खेळ नाही.

मग म्हणाला, आत एक रखवालदार असतो, अनोळखी कुणी आलं की दारातच अडवतो, त्याला थोडा वेळ झोपवू. झोपवला. खेळ नाही. लगेच उठवायला लावला त्याला – घर उघडं टाकून कसं चालेल! मग म्हणाला, मालक म्हणून चालवून बघू. अशी खरंच सोय आहे त्यात. मी म्हटलं, इतके दिवस काय पाहुणी होते का? तेही केलं. काळं, गोल, गायब.

त्यानं विचारलं, तुम्ही काही बदललं होतं का? मी म्हटलं, छे.

शेवटी निघताना म्हणाला, मशीन म्हातारी झाली मावशी, टाकून द्या. मी चौऱ्याहत्तर वर्षांची आहे. त्याच्याकडे नुसतं बघितलं. जिन्यातून जाताना हसल्याचा आवाज आला.

८ फेब्रुवारी

इंग्रजीच्या त्या दोन ओळी उतरवून घेतल्या. वाचता येत नाहीत, म्हणून भरतकामाचा नमुना उतरवतात तशा. एक तास गेला. दिसतात मात्र सुरेख.

१० फेब्रुवारी, मंगळवार

समोरच्या दारातले भावजी आले. आयुष्यभर टेलिफोनचे खांब चढले, त्यामुळे अख्खी इमारत त्यांना लाइनमनच म्हणते. माझा नमुना त्यांनी लांब धरून वाचला. म्हणाले, खेळ म्हणतोय, तुमची ओळख पटत नाही.

घ्या! ज्या घरात माझ्या नावची खोली आहे तिथंच माझी ओळख पटत नाही!

भावजींचं म्हणणं, बिघाड नेहमी जोडावर असतो. नको नको म्हणत असताना स्टुलावर चढले. तार खिडकीपासून टेबलापर्यंत बोटानं चाचपत आले, अगदी नाडी बघितल्यासारखी. खाली उतरून म्हणाले, तार ठणठणीत आहे, दोष तुमच्या टोकाला आहे वहिनी. काय बदललंत आठवा.

मी म्हटलं, काही नाही.

तर म्हणाले, मला प्रत्येक घरातून हेच उत्तर मिळायचं. आणि कपाट सरकवलं की मागं तार कात्रीनं कापलेली!

मला राग आला. चहात साखर कमी घातली.

१२ फेब्रुवारी

आज भिंगरी स्वतः फोनवर आली. “आजी, तू येणार नाहीस ना?”

सात महिन्यांतलं सगळ्यात लांब वाक्य, आणि ते हे.

मी म्हटलं, येते गं, वाटेत आहे. फोन आईकडे गेला. लेक वैतागलेली. रोज शाळेला उशीर. आम्ही निघताना तू दिलेलं घड्याळ हाताला आहे, झोपतानाही काढत नाही, बाहीखाली झाकून ठेवते, कुणाला बघू देत नाही – आणि घड्याळ असून रोज उशीर! मी म्हटलं, ओरडू नकोस तिला. नवीन गाव आहे. लेक म्हणाली, सात महिने झाले आई. नवीन किती दिवस म्हणायचं?

सोमवारला चार दिवस राहिले.

१३ फेब्रुवारी, शुक्रवार

हात मीच लावला होता!!

दुपारी काही सुचेना म्हणून हीच वही मागं मागं चाळत बसले. पाच वर्षं एक ओळ का होईना, लिहीत आलेय. कधी नुसतं ‘गुडघा’ एवढंच लिहिलंय. तर जुलैच्या एकवीस तारखेला माझ्याच अक्षरात – ‘आज संगणकाचं घड्याळ भिंगरीच्या घड्याळाला लावलं. साडेआठ तास मागं. खूप खटपट केली, आपोआप परत पुढं जायचं, शेवटी ते आपोआपचं बटण बंद केलं. आता बघितलं की कळतं ती काय करते.’

वाचलं आणि गार पडले. किती वेळा विचारलं मला! दुरुस्तीवाल्यानं, भावजींनी. मी ठामपणे सांगत होते, छे, काही नाही. खोटं नव्हते हो बोलत. मला तो बदल वाटलाच नव्हता. भिंतीवर फोटो लावला तर भिंत बदलली म्हणतो का आपण?

भावजींना हाक मारली. ते कोपऱ्याकडे बघतच राहिले. बाहेर उन्हं कलायला लागलेली आणि इथं सकाळचे साडेसात! म्हणाले, खेळवाल्यांकडेही घड्याळ असतं वहिनी. त्यांना वाटतं, वेळ खोटी सांगतोय म्हणजे माणूसही खोटा. आत कसे घेतील? मग मात्र हसले नाहीत. आधीच्या चहाचा सूड म्हणून तरी हसायला हवं होतं.

ते गेल्यावर अर्धा तास नुसती बसून. किती साधं काम – एक बटण. पण हात धजेना. सात महिने तो कोपरा बघून जगले मी. आता उठली. आता डबा खात असेल. आता झोपली, गाणं हळू लावा. ते पुसायचं?

पुसलं. बटण दाबलं, आकडे टुणकन उडाले, आणि दुपारचे साडेचार झाले. माझेच. एकदम घर रिकामं वाटलं.

मग टकटक केलं. काळं. गोल. आणि गाणं वाजलं! हिरवंगार माळरान, वर चौकोनी ढग! मी उठून उभीच राहिले. मिस्त्री, तीनच बरोबर होत्या तुमच्या.

लेकीला सांगितलं. उद्या शनिवार, शाळा नाही. त्यांचे सकाळी आठ, आमचे दुपारी साडेचार.

१४ फेब्रुवारी, शनिवार

जाऊन आले!

कुठून सुरू करू. चालायचं उंदरानं आणि चार बटणांनी. मी आधी भिंतीत घुसले, मग झाडात, मग स्वतःभोवतीच फिरत राहिले. कानाला ती ऐकायची-बोलायची वाटी लावलेली, तिच्यातून तिकडचा श्वास ऐकू येत होता, शब्द नाही. समोर एक लाल टोपीवालं चौकोनी बाहुलं. तीच. ती पुढं, मी मागं. जिन्याऐवजी मी तळ्यात. बुडबुडे! बाहेर येता येईना. वाटीतून ‘फिस्’ असा आवाज आला. हा आवाज मला माहीत आहे. हसू दाबताना ती असाच काढते.

मग माझी खोली. बारकी. एक खिडकी, खिडकीशी शिवणाची मशीन. काळ्या विटांची, चाकासकट! शेजारी स्टूल. स्टुलाचा एक पाय आखूड. इथल्यासारखाच. एवढंही विसरली नाही माझी बाय.

मी त्या स्टुलाभोवती दोन फेऱ्या मारल्या. ती म्हणाली, एवढा उशीर का केलास.

मी खरं ते सांगितलं. माझ्या संगणकाचं घड्याळ तुझ्या वेळेला लावून ठेवलं होतं, म्हणून दारावरचे मला आत सोडेनात. काल परत माझ्या वेळेला लावलं, तेव्हा सोडलं.

बाहुलं जागचं हलेना. मला वाटलं, तुटली लाइन.

“म्हणजे आता तुला कळणार नाही, मी काय करते ते?”

“नाही कळणार. तू सांगायचंस.”

मी तेवढ्यात स्टुलावर चढायचा प्रयत्न करून मशीनवर चढले.

“आजी, खाली उतर आधी. काय झालं माहितीये का, आमच्या वर्गात ना –”

आणि सुटली! पाऊण तास! वर्गात कोण खोडरबर खातं, बाई कशा शिंकतात, डबा खाताना ती कुठल्या खांबामागं बसते. तिथलं बोलणं तिला सगळं समजतं, पण तोंड उघडलं की सगळे बघतात, म्हणून उघडत नाही. हे आईलाही सांगितलेलं नाही म्हणाली. मी म्हटलं, मी तळ्यात पडले तेव्हा तू बघत होतीस ना? मग मी काय केलं? म्हणाली, परत पडलीस. म्हटलं, तेच तर.

फिस्.

१५ फेब्रुवारी

मान धरलीय. खेळ अंगावर आला. उजव्या बोटालाही गोळा. हरकत नाही.

१६ फेब्रुवारी, सोमवार

आज शाळा. त्यांच्याकडे किती वाजले ते बोटांवर मोजावं लागतं. तीनदा चुकले. मोजणं सोडलं आणि पडदे धुतले.

१७ फेब्रुवारी, मंगळवार

लेकीचा फोन. काल वर्गात भिंगरी उभी राहिली आणि आजी तळ्यात कशी पडली ते सांगितलं. अडखळत, पण सगळं. कुणीतरी विचारलं, मग बाहेर कशी आली? तेही सांगितलं. खालचा वर्ग राहिला बाजूला!

पण लेक त्यावर थांबतच नव्हती, तिला दुसरंच सांगायचं होतं. शनिवारी माझ्याशी बोलून झाल्यावर पोरगी उठली, बापाजवळ गेली आणि विचारलं, बाबा, इथं आत्ता किती वाजलेत? मग बाही वर केली, मी दिलेलं घड्याळ काढलं आणि साडेआठ तास मागं केलं. निघाल्या दिवसापासून ते आमच्या इथल्याच वेळेवर होतं.

म्हणजे सात महिने ती इथं राहत होती आणि मी तिकडं. मग चुकामूक होणारच की!