पोळ्याला घरी येणारे आमदार

कतारगाम, सुरत. रविवार, संध्याकाळ.

थकले. आजोबांचं चरित्र पोळ्यापाशीच अडलंय. शेतकऱ्याचे आमदार झाले, तरी पोळ्याला अधिवेशन सोडून खानदेशात यायचे, बैलांना स्वतःच्या हातानं पुरणपोळी भरवायचे. सगळे हेच सांगतात.

आज कडोदऱ्याला आत्याकडे गेले. आजोबांची एकुलती लेक. विचारलं, "तुझ्या बाळंतपणाला आले होते?"

"छे! मी काय बैल होते?" ती हसली. मला हसू येईना. विचारलं, "हे पुस्तकात घालू? की नुसता पोळाच?"

"पोळाच लिही, पोरी. मी दरसाल पोळ्यालाच माहेरी जायचे. ते बैलांसाठी यायचे, मी त्यांच्यासाठी."

त्यांनी तिला कधी एक घास भरवला का, हे विचारायचा धीरच झाला नाही.