उजव्या हाताचे फुगे

मंगळवार, ४ फेब्रुवारी

फुगे फोडायचे. मोबाइलवर. दिवसातून तीन वेळा, दहा-दहा मिनिटं, फक्त उजव्या हाताच्या बोटांनी. असं आहे औषध.

फिजिओबाई आज सांगून गेली. नोव्हेंबरात अर्धांगाचा झटका आला तेव्हापासून घड्याळजींचा, म्हणजे आमच्या ह्यांचा, उजवा हात मांडीवर ठेवला की ठेवल्या जागी राहतो. पाय सुधारला, काठी घेऊन चालतात. बोलणंही परत आलं — तसं ते आधीही फार नव्हतं, त्यामुळे नवऱ्याचं किती परत आलं ते मलाच नक्की सांगता येत नाही. हात मात्र अडून बसलाय. दाबायला रबरी चेंडू दिला तर तो सोफ्याखाली ढकलतात आणि हरवला म्हणतात. म्हणून आता गेम. "काकू, मन रमतं त्यात. टाकून घ्या मोबाइलमध्ये. एकदम सोपं आहे, दोन मिनिटांचं काम."

सोपं म्हणाली तेव्हाच मी ओळखलं, सोपं नसणार.

पण तीस वर्षं टेलिफोन एक्स्चेंजमध्ये बसून मी अख्ख्या गावाचे फोन जोडून दिलेत. दोन्ही कानांनी दोन माणसांच्या शिव्या ऐकत. मला एक गेम टाकता येणार नाही होय?

बुधवार, ५ फेब्रुवारी

नाही आला.

लेकीला फोन लावला. "आई, तो रंगीत त्रिकोण आहे ना, तो दाब." दाबायला फोन कानावरून काढावा लागतो. काढला की तिचं बोलणं ऐकू येत नाही. कानाला लावला की त्रिकोण दिसत नाही. "आई, स्पीकरवर टाक!" टाकलं. मग वरच्या आणि खालच्या दोन्ही मजल्यांना कळलं की मला माझा पासवर्ड आठवत नाही.

विसरलात का, म्हणून फोनने विचारलं. फार अदबीने. हो म्हटलं. तर म्हणे लहानपणीच्या पाळीव प्राण्याचं नाव सांगा. आमच्या घरी माणसांचीच मारामार, प्राणी कुठून पाळणार? हे खातं पाच वर्षांपूर्वी जावयाने उघडून दिलं होतं. त्याने काय नाव टाकलं ते त्यालाही आठवेना. मी अंदाजाने स्वतःच्या नवऱ्याचं टाकून पाहिलं. चूक.

शेवटी नवं खातं. जन्मसाल निवडायला आकडे बोटाने वर सरकवायचे. सरकवतेय, सरकवतेय — निवृत्ती गेली, लेकीचं लग्न गेलं, माझं लग्न गेलं, शाळा गेली, तरी साल येईना. बोट दुखलं. फिजिओबाईने हाच व्यायाम का दिला नाही कोण जाणे.

गुरुवार, ६ फेब्रुवारी

"जागा अपुरी आहे." घर असं कधी बोललं नाही, फोन बोलला.

लेक म्हणाली, नको ते काढून टाक. सुरुवात केली. सुप्रभाताचे चारशे बारा निरोप, पैकी तीनशे वन्संचे. माझ्या नणंदेचा दिवस सूर्याच्या आधी उगवतो. अकराशे फोटो, त्यात साठ माझ्याच अंगठ्याचे. गुडघेदुखीवर उपाय सांगणारे सत्तावीस व्हिडिओ. गुडघे माझे अजून दुखतात, त्यामुळे तेही गेले.

मग "फुगे" शोधलं. चौदा गेम आले. चौदाही फुग्यांचे. सगळ्यात वरचा घेतला, वरचा म्हणजे चांगला असं मला वाटलं. तो विचारत सुटला — तुमचे फोन नंबर पाहू का? हो. फोटो? हो. तुम्ही कुठे आहात ते? घरीच आहे, पण हो. हॉस्पिटलात सह्या केल्या होत्या तशाच, न वाचता.

उतरला एकदाचा. मी जिंकले असं वाटून चहा केला.

शुक्रवार, ७ फेब्रुवारी

गेमने रात्रीतून माझ्या नावाने एकशे त्रेचाळीस जणांना आमंत्रण पाठवलं. "चला, माझ्यासोबत फुगे फोडू या."

सात वाजता वन्संचा फोन. "वहिनी, दादा तिथे असा पडलाय आणि तुम्हाला खेळ सुचतायत?" मी समजावून सांगितलं. त्यांनी समजून घेतलं नाही. पुढे त्या आणखी दहा जणांना समजावणार, याची मला खात्री आहे.

डॉक्टरांनी अंगठा पाठवला. एक्स्चेंजमधल्या माझ्या जुन्या सुपरवायझर, वय वर्षं एक्क्याऐंशी, त्यांनी मात्र आमंत्रण स्वीकारलं. चौथ्या पायरीवर आहेत आणि मी मागे का, असं विचारतायत. कामावर असतानाही असंच विचारायच्या.

खुद्द ज्यांच्यासाठी गेम, त्यांना दिला तर पहिला फुगा फुटायच्या आत गुळगुळीत दाढीची जाहिरात आली. घड्याळजींनी ती पूर्ण पाहिली आणि फोन मला परत दिला.

रविवार, ९ फेब्रुवारी

नाक मुठीत धरून मोबाइलवाल्याकडे गेले.

त्याचं दुकान आमच्या घड्याळदुरुस्तीच्या दुकानाला लागूनच. आमचं शटर तीन महिने खाली, त्यावर धुळीत कुणीतरी बोटाने हृदय काढलंय. त्याच्याकडे ही गर्दी. वेळ बघायला लोक खिशातून फोन काढायला लागले तेव्हापासून घड्याळजींचं गिऱ्हाईक आटत गेलं, आणि ते सगळं फोनच्या काचा बदलायला शेजारी जाऊन उभं राहिलं. अशा माणसाकडे मी नवऱ्याचा इलाज मागायला गेले!

चष्मा कपाळावर चढवून त्याने फोन घेतला. "काकू, हा कुठला कचरा घेतलात?" काढून टाकला. मग मला शेजारी बसवून एकेक दाखवलं. आधी बनवणाऱ्याचं नाव बघा. किती लोकांनी घेतलाय ते बघा. खाली लोकांनी घातलेल्या शिव्या वाचा, खऱ्या गोष्टी तिथे असतात. फोन नंबर मागितले तर नाही म्हणा — फुगे फोडायला त्याला तुमच्या नणंदेचा नंबर कशाला हवा? आणि खेळताना इंटरनेट बंद ठेवा, जाहिराती येणार नाहीत. खरोखर दोन मिनिटं लागली. चांगलं शिकवलं मेल्याने. मला फार राग आला.

उठताना म्हणाला, "काकू, दुकानाचं काय ठरलं? एक तारखेपर्यंत सांगा. नाहीतर मी समोरचा गाळा बघतो." त्याला मधली भिंत पाडून दुकान मोठं करायचंय. हात आला तर दुकान राहील, नाही आला तर द्यायचं, असं घरात ठरलंय. म्हणजे मी ठरवलंय. घड्याळजी हूं म्हणाले होते.

त्याने मला किती वाजले विचारलं, मी सवयीने मनगट पाहिलं. दहा-वीस. माझं घड्याळ डिसेंबरात बंद पडलंय, तरी रोज बांधते. दुसऱ्याकडे दुरुस्तीला नेणं मला जमत नाही. मग मीही फोनमध्ये बघून सांगितलं. फितूर.

सोमवार, १० फेब्रुवारी

चार फुगे. दहा मिनिटांत. फोन दोनदा पडला. "पोरखेळ," म्हणाले आणि पालथा ठेवला.

या हाताने केसाएवढे स्क्रू बसवलेत. आणि दुरुस्त घड्याळाचं मागचं झाकण बसवण्याआधी त्याच्या आत सुईने तारीख आणि स्वतःची खूण कोरायची — दोन काटे, एक लहान, एक मोठा. गिऱ्हाईकाला ते कधी दिसायचं नाही. मी नवी नवरी असताना विचारलं होतं, दिसत नाही तर कोरता कशाला? म्हणाले, "पुढे जो उघडेल त्याच्यासाठी."

आज तो हात एका फुग्यावर पोचेपर्यंत फुगा वर निघून जात होता. मी खिडकीबाहेर बघत उभी राहिले. बघण्यासारखं बाहेर काही नव्हतं.

बुधवार, १२ फेब्रुवारी

सहा. पुन्हा सहा.

तू समोर उभी असलीस की जमत नाही, म्हणाले. बरं. यापुढे मागच्या खोलीत, दार लोटून. चाळीस वर्षांच्या संसारात मी पहिल्यांदाच अडचण झाले असं नाही.

सोमवार, १७ फेब्रुवारी

अडतीस! खोटं वाटून पुन्हा चष्मा पुसून पाहिलं. अडतीसच.

बुधवार, १९ फेब्रुवारी

बावन्न. आकड्याचा फोटो काढून फिजिओबाईला पाठवला. तिने तीन फुलं पाठवली. वन्संनाही पाठवला. त्यांनी काही पाठवलं नाही, यातच सगळं आलं.

शुक्रवार, २१ फेब्रुवारी

सत्त्याऐंशी. फिजिओबाई आली. त्यांच्या बोटांत कपड्याचा चिमटा देऊन उघडायला सांगितला. उघडला नाही. "पकड अजून तेवढीच वाटतेय हो काकू. पण स्कोअर छान आहे. कधी कधी फरक उशिरा दिसतो."

मी दुसरं वाक्य घरात ठेवून घेतलं, पहिलं तिच्याबरोबर जिन्यावरून जाऊ दिलं. घड्याळजी पूर्ण वेळ चिमट्याकडे बघत होते.

बुधवार, २६ फेब्रुवारी

एकशे बारा. साडी बदलून मोबाइलवाल्याकडे गेले आणि सांगून आले. "दुकान द्यायचं नाही. हात येतोय." गर्दीसमोर, जरा मोठ्यानेच सांगितलं. तो म्हणाला, "बरं झालं की काकू." वर हसलाही. त्याने जरा तरी तोंड पाडायला हवं होतं.

शनिवार, १ मार्च

एकशे चाळीस. सुपरवायझरबाईंनीही हाच गेम घेतलाय; फोनवर आकडा विचारला, त्यांना मागे टाकलं.

सोमवार, ३ मार्च

हातात चहाचा ट्रे होता म्हणून दार पायाने ढकललं. चाहूल लागली नाही त्यांना.

उजवा हात मांडीवर, उशीवर, पाहुण्यासारखा आरामात. आणि डाव्या हाताचं बोट काचेवर नुसतं धावतंय. मोठमोठे फुगे सोडून देत होते. मोहरीएवढे बारीक तेवढे टिपत होते, दात-ओठ खाऊन.

ट्रे ठेवला. "अहो, उजवा सांगितला होता."

"हो."

"किती दिवस हे?"

"उजवा येणार नाही. मला पहिल्याच आठवड्यात कळलं."

"आणि मला?"

त्यांनी फोन पालथा ठेवला. मी म्हटलं, मी त्या मोबाइलवाल्याला नकार देऊन बसलेय, भर दुकानात, या तुमच्या आकड्यांवर. मला सांगता आलं नाही? म्हणाले, "तू खूश होतीस."

मग मी जे बोलले ते इथे लिहीत नाही. भांडी घासली, घासलेली पुन्हा घासली. गिऱ्हाईकाला या माणसाने आयुष्यात कधी खोटी तारीख सांगितली नाही. बुधवार म्हणाले की बुधवार. बायकोला मात्र तीन आठवडे रोज ताजा खोटा आकडा. आणि मी त्याचे फोटो वाटत फिरले. वन्संना कळलं तर मी गावच सोडीन.

रडले. लिहून ठेवते, उगाच कशाला लपवू. फसवलं म्हणून नाही. हात येणार नाही म्हणून.

मंगळवार, ४ मार्च

घरात बोलणं बंद. तसा फार फरक पडलेला नाही.

मोबाइलवाल्याकडे शब्द मागे घ्यायला गेले. "काकू, समोरच्या गाळ्याचा करार कालच झाला हो." झालं. आता हातही नाही आणि दुकान घेणाराही नाही. धुळीतलं ते हृदय तेवढं आमचं.

निघाले तर म्हणाला, "काका शनिवारी आले होते की. तुम्हाला बोलले नाहीत? शटर मीच वर करून दिलं. आत बसले थोडा वेळ, मग ते डोळ्याला लावायचं भिंग आणि बारीक हत्यारांची एक डबी खिशात घालून गेले."

शनिवारी. मी बाजारात होते तेव्हा. काठी टेकत एकटेच गेले असतील, दुकानाचा निरोप घ्यायला. आठवण म्हणून भिंग आणलं असेल. आणि मी काल त्यांना काय काय बोलले.

बुधवार, ५ मार्च

अंघोळीच्या आधी घड्याळ काढून फळीवर ठेवलं होतं. नाही. न्हाणीघर, गादी, भाज्यांची टोपली, सगळं पालथं घातलं. बंद घड्याळ कोण कशाला नेईल? मनगटावर पांढरा पट्टा राहिलाय तेवढा. त्यांना विचारायचं म्हणजे आधी बोलायला लागणार. राहू दे.

मागच्या खोलीचं दार दिवसभर लोटलेलंच. खेळा म्हणावं.

गुरुवार, ६ मार्च

उशाशी घड्याळ. टिकटिकतंय.

मागचं झाकण नीट बसलेलं नव्हतं, नखाने निघालं. आत चार जुन्या तारखा, बारीक, सरळ रेषेत. त्यांच्याखाली कालची — पहिलीतल्या मुलाने काढावी तशी, मोठी, वाकडी, डाव्या हाताची. खुणेतला लहान काटा मोठ्यापेक्षा मोठा झालाय.

ते झाकण दाबून बसवायला दोन हात लागतात. मी दाबलं.

दहाला दुकान उघडायचंय. आत्ता आठ-चाळीस, माझ्या घड्याळात.