पंचावन्न धावा करून हरलेले

न्यूयॉर्क, रविवार

बाबा, तुमच्या रोझीकडून आधी एक घट्ट मिठी.

मी मजेत आहे, वेळेवर जेवते. काल चर्चच्या हॉलमध्ये बेसबॉलच्या प्रश्नमंजूषेत आम्ही जिंकलो! माझा जोडीदार होता आमच्या बेकरीचा मालक साल, इथल्या यँकीज संघाचा पक्का भक्त.

शेवटचा प्रश्न होता, वर्ल्ड सिरीजच्या सात सामन्यांत मिळून दुपटीहून जास्त धावा करूनही कोण हरलं? सालला उत्तर ठाऊक होतं, पण तोंडातून फुटेना. "एकोणीसशे साठ साली सिरीज झालीच नाही," म्हणे! मग मीच ओरडले, "यँकीज! पंचावन्न धावा केल्या, आणि आमच्या गावचे पायरेट्स सत्तावीस धावांत चार सामने घेऊन जिंकले!"

बक्षिसाचं हॅम सालनेच नेलं, दुखावलेल्या मनावर औषध म्हणून.

"तुझे बाबा होते का गं शेवटच्या सामन्याला?" त्याने विचारलं. सांगून टाकलं खरं ते. आठव्या डावात आपण मागे पडलो, तशी "आता यात काही राहिलं नाही" म्हणत तुम्ही तणतणत बाहेर पडलात आणि विजयाचा जल्लोष ट्रामच्या थांब्यावर ऐकलात. साल पोट धरून हसला. त्याने तुमच्यासाठी बदामाची बिस्किटं दिलीत, सोबत पाठवतेय.

हेलनताईचा खोकला गेला का? तिने लिहिलंय, डॉक्टरांनी सांगितलेले पायाचे व्यायाम तुम्ही सोडलेत. "आता यात काही राहिलं नाही" म्हणता.

बाबा, तो ट्रामचा थांबा आठवा.

तुमच्यासारखीच हट्टी,
रोझी