गाण्याखालचा आवाज

गुलमंडी, ६ जानेवारी २०२५

ती. कडूबा मामांस तनुजाचा सा. न. वि. वि.

फोनवर कॅसेटचं नाव काढलं की तुम्ही लगेच गव्हाला पाणी देण्याचा विषय काढता, म्हणून हे पत्र. प्रदर्शनासाठी मी एक अंधारी खोली करतेय. चारही भिंतींवर तुम्ही शूटिंग केलेली जुनी लग्नं हलत राहतील. बघणाऱ्यानं मध्ये उभं राहून ठरवायचं, यात माणूस किती उरला आणि नुसता उजेड किती.

बाकी सगळ्यांनी कॅसेट दिल्या. आईच्या लग्नाची तेवढी तुमच्या कपाटात. ती गेली तेव्हा मी वर्षाची होते. फोटो आहेत, पण ती बोलायची कशी? मला तिचा आवाज ऐकायचाय, मामा.

राग मानू नका, माया असू द्या.
तुमची तनू

शेंद्रा, १४ जानेवारी

चि. तनूस अनेक आशीर्वाद.

तुझं भिंतीचं काय नीट ध्यानात आलं नाय. कॅसेट शेजारच्या सांडूबरोबर पाठवली. पण आवाज नाय त्यात. त्या काळी आम्ही खरा आवाज पुसून वर सनई अन् सिनेमाची गाणी चढवायचो. गिऱ्हाईक खूश व्हायचं. विशाखा तर माझी बहीण, तिची लई झकास करायची म्हणून एक मिनिट मोकळं सोडलं नाय. मूळ कॅसेट दुसऱ्या लग्नाला वापरली.

तीन वर्षांनी ती गेली, तवा कळलं आपण काय पुसलं. तुला कोणत्या तोंडानं सांगणार होतो? शिव्या दे, पण बोलणं सोडू नको.
तुझा मामा

गुलमंडी, २६ जानेवारी

ती. मामांस सा. न.

दोन दिवस चिडले होते, खोटं कशाला बोलू. मग गाणं बंद करून बघितली. शेवटी आई पदर मागं सारते, सरळ तुमच्या कॅमेऱ्याकडे बघून काहीतरी बोलते. तेवढाच तुकडा मी मोठ्ठा लावणार आहे, मुका. चाळीसदा बघितला, शब्द लागत नाहीत. ती तुमच्याशीच बोलतेय. काय म्हणाली? आठवत नसेल तर तसं कळवा, मी समजून घेईन.

मामींना नमस्कार.
तनू

शेंद्रा, २ फेब्रुवारी

चि. तनूस आशीर्वाद.

न आठवायला काय झालं? पाठवणीच्या वेळचं हाय ते. समदे तिच्या गळ्यात पडून रडत होते अन् मी डोळ्याला कॅमेरा लावून पुढं पुढं. ती म्हणाली, "दादा, ठेव की ते खाली. मला भेट." मी हातानंच खूण केली, थांब, एवढं होऊ दे. तेवढ्यात लाइटची वायर निघाली. ती लावून वळलो तर गाडी वेशीबाहेर गेली होती.

भिंतीवर लिहून लाव तिचं बोलणं. मी येतो बघायला. तवर जिवाला जप.
मोकळ्या हातानं येणारा,
तुझा मामा